कंसातली ओळ

माझ्या विषयात रागाला मुखवटा म्हणतात. दोन हजार वर्षांपूर्वी रोममध्ये काही कवींनी वृत्तात बांधलेल्या उपरोधिक कविता लिहिल्या. त्यांत शहराला शिव्या आहेत, श्रीमंतांना आहेत, बायकांना आहेत, आणि परक्या देशातून पोट भरायला आलेल्यांना तर भरपूर आहेत. मी बाई आणि परकी, म्हणजे मला दोनदा आहेत. या कवितांमधला 'मी' सतत चिडलेला असतो. त्यांच्यावर लिहिणारे आजचे बरेच विद्वान सांगतात की हा राग कवीचा नव्हे. कवीने एक चिडखोर सोंग उभं केलंय आणि आपण त्या सोंगाला हसायचं आहे. मीही वर्षानुवर्षं हेच वाचलं, पाठ केलं, परीक्षेत लिहिलं. ते सगळंच चूक आहे असंही नाही. पण हे सांगणारे लोक स्वतः इतके शांत कसे असतात, हा प्रश्न मला पडायला फार उशीर झाला. त्या उशिराचा मला अजून राग येतो.

मी आइंडहोवनला आले ती नवऱ्याच्या मागोमाग. संगणकातल्या चिप्स बनवण्याची यंत्रं तयार करणाऱ्या कंपनीत त्याला नोकरी लागली होती. माझ्याजवळ पालीतली एम.ए. होती. आमच्याकडे पाली शिकणं म्हणजे घरातलंच काम. माझ्या आईने मला मोठ्या हौसेने त्या वर्गात बसवलं होतं. आइंडहोवनमध्ये त्या पदवीचं काय करायचं हे नगरपालिकेतल्या बाईंनाही सांगता येईना. त्यांनी फॉर्ममध्ये 'इतर' या चौकोनात फुली मारली. मुलगी शाळेत, नवरा बसने कामावर, मी घरात. मग लायब्ररीत संध्याकाळचा लॅटिनचा वर्ग आहे असं कळलं आणि मी निव्वळ कंटाळ्यापोटी जाऊन बसले. फळ्यावर विभक्तीचा तक्ता दिसला आणि माहेरी आल्यासारखं वाटलं. वर्गातले बाकीचे घाम पुसत होते, मी घरी येऊन भाजी चिरता चिरता रूपं म्हणत होते.

त्या वर्गातून पुढे विद्यापीठ, रेल्वेने तासाभरावरचं. आधी मास्टर्स, मग डॉक्टरेट. विषय घेतला जेवणावळींचा. या कवितांत एक प्रसंग वारंवार येतो. बडा माणूस आपल्या आश्रितांना जेवायला बोलावतो. खोली एक, वेळ एक, पण यजमानाच्या पुढ्यातला पाव मऊ आणि आश्रिताच्या पुढ्यातला दात पाडणारा. दारू वेगळी, पेले वेगळे, वाढणाऱ्यांची नजरसुद्धा वेगळी. आश्रित घरी जातो आणि चिडतो, किंवा कवी त्याच्या वतीने चिडतो. हे वाचताना मला काही म्हणजे काही आठवलं नाही. मी शब्द मोजत होते, वृत्त तपासत होते. लाज वाटावी इतकी मी चांगली विद्यार्थिनी होते.

आमच्या कामाची एक रीत सांगायला हवी, कारण पुढचं सगळं तिच्यावरच आहे. या कविता शेकडो वर्षं माणसांनी हाताने नकलून ठेवल्या. नकलताना चुका झाल्या, कुणी पदरच्या ओळी घुसडल्या. म्हणून संपादक प्रत्येक ओळ तपासतो आणि एखादी त्याला कवीची वाटली नाही, तर ती चौकोनी कंसात टाकतो. पुसत नाही. छापतो, पण कंसात. पंगतीला बसू द्यायचं, पण जरा लांब.

माझ्या जेवणावळीत अशी एक ओळ होती. आश्रित सांगतो, त्याच्या पुढ्यात काय होतं आणि माझ्या पुढ्यात काय होतं. पुढे चार गोष्टी बोलतो आणि मग तेच, जवळजवळ त्याच शब्दांत, पुन्हा सांगतो. ती दुसरी ओळ काही संपादकांनी ठेवली आहे, काहींनी कंसात घातली आहे. माझा पहिला छापून आलेला लेख या ओळीवर होता. मी दहा पानं लिहून सिद्ध केलं होतं की ही ओळ नक्कल करणाऱ्याची आहे. पुनरुक्ती आहे, तिने अर्थात भर पडत नाही, इतका कसलेला कवी असं ढिसाळ लिहिणार नाही. माझे मार्गदर्शक खूश झाले. साठीचे, उंच, मृदू बोलणारे गृहस्थ. बाराच्या ठोक्याला डब्यातून चीजचं सँडविच काढणारे. त्या दिवशी त्यांनी माझ्यासाठी सफरचंदाचा केक आणला. लेखाची प्रत मी आईला पाठवली. तिला त्यातलं अक्षरही कळणार नव्हतं, पण तिने ती प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून कपाटात ठेवली.

आता वहिनी. त्या मूळच्या पुण्याच्या, आमच्यापासून सायकलवर दहा मिनिटांवर राहायच्या. माझ्याहून सात-आठ वर्षांनी मोठ्या, हसतमुख, कुणाचं बाळंतपण असो की कुणाची घरबदली, मदतीला सगळ्यांच्या पुढे. त्यांचे यजमान आणि माझा नवरा एकाच इमारतीत कामाला, एकाच बसने जायचे. एका उन्हाळ्यात मराठी मंडळाची सहल निघाली. मी मसालेभात केला होता. वहिनींनी तो दोनदा वाढून घेतला. "तुझ्या हाताला चव आहे गं," म्हणाल्या, आणि तिथेच गवतावर बसून फोनमध्ये कृती लिहून घेतली. तोंडलीऐवजी इथे काय घालतेस, हेही विचारलं.

सप्टेंबरात त्या आमच्याकडे पहिल्यांदा आल्या. मुलगी त्यांच्याकडे रेनकोट विसरली होती, तो द्यायला. मी त्यांना हॉलमध्ये बसवलं. आमच्या हॉलमध्ये बुद्धाची छोटी मूर्ती आहे आणि तिच्यावर तो फोटो आहे, जो बघितल्यावर मराठी माणसाला आणखी काही विचारावं लागत नाही. वहिनींनी बघितला. मी चहाचं विचारलं. "नको गं, घाईत आहे." पाणी? "आत्ताच प्यायले." कोचाच्या अगदी कडेवर त्या पाचेक मिनिटं बसल्या, पावसाबद्दल बोलल्या आणि गेल्या. मला खरंच वाटलं की त्या घाईत असतील. मी मूर्ख नाही, पण सात-आठ वर्षं परदेशात राहून माणूस थोडा सैलावतो.

दिवाळीच्या शनिवारी वहिनींकडे दुपारचं जेवण होतं, प्रत्येकाने एकेक पदार्थ न्यायचा. मी पुन्हा मसालेभात केला. इथे मला स्वतःचाच राग येतो तो असा, की आमच्या घरात सणाला मसालेभात होत नाही. माझी आई वडाभात करते, वर कढत तेलाची फोडणी ओतून. मी तो न करता त्यांच्या लग्नघरचा पदार्थ केला. गोडा मसाला, काजू, साजूक तूप, वर ओलं खोबरं आणि कोथिंबीर इतकी नीट पेरली की झाकण लावताना मन होईना. त्यांना आवडलं होतं ना!

त्यांच्या जेवणाच्या टेबलावर सगळ्यांची भांडी मांडली होती. माझा स्टीलचा डबा वहिनींनी हातातून घेतला, "अरे वा," म्हणाल्या, आणि खिडकीपाशी ज्या छोट्या टेबलावर पेपर नॅपकिन आणि पाण्याचे ग्लास होते तिथे ठेवला. मला वाटलं मोठ्या टेबलावर जागा नसेल. जागा होती. माझ्यानंतर आलेल्या एका जोडप्याचं श्रीखंड तिथेच, मधोमध ठेवलं गेलं. माझ्या डब्याचं झाकण कुणी उघडलं नाही. शेवटी मीच जाऊन उघडलं आणि शेजारी चमचा ठेवला. कुणी काही बोललं नाही, कुणी तोंड वाकडं केलं नाही, कुणी तिकडे फिरकलंही नाही. सगळे माझ्याशी छान बोलत होते. थीसिस कुठवर आला, विचारत होते.

निघताना वहिनींनी डबा आणून दिला. जड लागला. मी झाकण उघडलं. खोबरं जसंच्या तसं, कोथिंबीर जशीच्या तशी, चमच्याची खूणही नाही. आपल्याकडे कुणाचा डबा रिकामा परत करत नाहीत, साखर तरी घालून देतात. वहिनी हसून म्हणाल्या, "अगं, खूपच झालं होतं सगळं. आणि रिकामा डबा परत देत नाहीत ना, म्हणून भरलेलाच देते!"

दारात उभे असलेले दोघं-तिघं हसले. मीसुद्धा हसले. ते हसू आठवलं की आजही माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते.

डबा सायकलच्या कॅरिअरला बांधून आम्ही घरी आलो. मुलगी तेव्हा पंधरा वर्षांची होती. तिला मराठी सगळं कळतं, उत्तर मात्र इंग्रजीत नाहीतर डचमध्ये. सिग्नलला थांबलो तेव्हा म्हणाली, "आई, नोबडी एट आवर्स."  मग तिने डचमध्ये विचारलं, का? सिग्नल हिरवा झाला म्हणून मी सुटले.

रविवारी सकाळी नवरा मागच्या अंगणात सायकलचं पंक्चर काढत होता आणि मी दारात उभी राहून त्याला सांगत होते. त्याचं एकच पालुपद: सोडून दे. पदार्थ जास्त झाले असतील. नसतील झाले तरी सोडून दे. "मला त्यांच्या नवऱ्याबरोबर रोज बसमध्ये बसायचंय," तो म्हणाला. "आणि सिद्ध काय करणार तू? भात खाल्ला नाही म्हणून?"

"सगळ्यांची भांडी मोठ्या टेबलावर होती," मी म्हणाले, "आणि माझा डबा खिडकीपाशी होता."

"हो."

मग मी सहलीतलं सांगितलं, कृती लिहून घेतली ते, फोटो बघून पाणी नाकारलं ते, दारातलं ते हसणं. आणि मग म्हणाले, "त्यांची भांडी मोठ्या टेबलावर होती. माझा डबा खिडकीपाशी होता."

नवरा ट्यूब पाण्यात बुडवत होता. मान वर न करता म्हणाला, "हे तू मघाशीच सांगितलंस."

 मला त्याचा राग आलाच होता, पण त्या क्षणी त्याच्या मागे दुसरं काहीतरी उभं राहिलं. माझ्या कवितेतला तो आश्रित. त्याच्या पुढ्यात काय होतं आणि माझ्या पुढ्यात काय होतं, मग चार गोष्टी, मग पुन्हा तेच. आणि बादलीतले बुडबुडे बघत 'हे मघाशीच सांगितलंस' म्हणणारी मी होते. दहा पानं लिहून. तळटीपांसकट.

मी वर गेले, तो लेख काढला आणि वाचला. इतका स्वच्छ, इतका मुद्देसूद, इतका निर्दय लेख मी त्यानंतर लिहिलेला नाही. 'अर्थात भर पडत नाही.' वाक्य माझं होतं. ज्याचं जळतं त्याला कळतं म्हणतात. माझं आयुष्यभर जळत होतं आणि मला कळलं नव्हतं, कारण मी लॅटिनमध्ये होते. त्या जेवणात माझा डबा कुणी बाजूला ठेवला असेल तर वहिनींनी. पण त्या माणसाची ओळ बाजूला ठेवायला मला कुणी सांगितलं नव्हतं. ती मी शाबासकीसाठी ठेवली होती, आणि वर केक खाल्ला होता.

उरलेला भात आम्ही दोन दिवस खाल्ला. एक शीतही टाकलं नाही.

प्रबंधातलं ते प्रकरण मी मोडून पुन्हा लिहिलं. ओळीचे कंस काढले. आधी नीट, शास्त्रशुद्ध कारणं दिली. सगळ्या जुन्या हस्तलिखितांत ती ओळ आहे, भाषेत खोट नाही, वृत्तात खोट नाही. मग शेवटच्या पानांवर माझी लेखणी सुटली. मी लिहिलं की अपमान झालेला माणूस एकदा सांगून थांबत नाही. पहिल्यांदा तो हकीकत सांगतो. दुसऱ्यांदा सांगतो, कारण ऐकणाऱ्याने पहिल्यांदा मान वर केलेली नसते. इथे मुखवटा शोधणाऱ्यांना वेगळ्या ताटावर कधी बसावं लागलेलं नाही, असंही लिहिलं.

मार्गदर्शकांनी पानं परत दिली तेव्हा त्या परिच्छेदाशेजारी पेन्सिलीने, बारीक अक्षरात डचमध्ये लिहिलं होतं: इथे कोण बोलतंय?

"मी," मी म्हणाले.

ते हसले. वाईट हसणं नव्हतं ते. "तीच अडचण आहे," ते म्हणाले. "तीन वर्षांपूर्वीच्या तुझ्या लेखात कोण बोलतंय असं मला विचारावं लागलं नव्हतं."

"कारण तिथे कुणीच बोलत नव्हतं."

त्यांनी सँडविच खाली ठेवलं. म्हणाले, आपण कवितेत आपलं दुःख वाचायला लागलो तर कविता संपते, आपणच उरतो. म्हणाले, या कवीने गरिबांचा कैवार घेतलाय असं तुला वाटतंय, पण तो त्या आश्रितालाही सोडत नाही, इतका अपमान गिळून पुन्हा जेवायला जातोस म्हणून त्याचीच कानउघाडणी करतो, हे विसरू नकोस. हे मात्र खरं होतं, आणि मला झोंबलं, कारण मी मसालेभात नेला होता. आणि तरीही मला ओरडावंसं वाटत होतं. हा भला माणूस पस्तीस वर्षं भुकेल्यांच्या कवितांवर बोलतोय आणि बाराच्या ठोक्याला त्याच्यापुढे सँडविच असतं. त्याने कधी आवाज चढवला नाही, कारण त्याला कधी चढवावा लागला नाही. आणि अशा माणसाच्या सहीशिवाय माझा प्रबंध पुढे जाणार नव्हता.

शेवटी आमचा तह झाला. ओळ कंसाबाहेर राहील, शास्त्रशुद्ध कारणांवर. ती सुटलेली पानं गाळायची. पण इथे डॉक्टरेटची एक जुनी पद्धत आहे. प्रबंधाबरोबर एका सुट्या कागदावर उमेदवाराने आपली काही विधानं छापायची असतात. काही विषयाची, काही जगाची, शेवटचं बहुधा विनोदी. त्यातलं कुठलंही तोंडी परीक्षेत विचारतात आणि त्याचं समर्थन करावं लागतं. मी सहावं विधान लिहिलं: 'जेवणात ज्याचं ताट वेगळं मांडलं, तो माणूस तीच गोष्ट दोनदा सांगतो, दुसरी वेळ ही नक्कल करणाऱ्याची चूक नव्हे.'

मार्गदर्शकांनी कागद बराच वेळ धरून ठेवला. "ठेव," ते म्हणाले. "पण कुणी विचारलं, तर उत्तर द्यावं लागेल. इथे मुखवटा चालणार नाही. तुला हवं तेच झालं, नाही का?" आणि सही केली.

म्हणजे आता माझ्या हाती एकच संधी होती. ती पानं गेली होती, प्रबंधात माझा आवाज कुठे उरला नव्हता. उरलं होतं ते एक विधान आणि पाऊण तासाची जाहीर परीक्षा. तिथे कुणी सहावं विचारलं, तर मी उभी राहून डब्याची गोष्ट सांगणार होते. मी ती इंग्रजीत तयार केली. मोजून चार वाक्यं. आरशासमोर म्हटली. आणि नवऱ्याने, मला न विचारता, परीक्षेचं आमंत्रण मंडळाच्या ग्रुपवर टाकलं. मी खवळले. तो म्हणाला, "अगं, अभिमानाने टाकलं." मग मला वाटलं, येऊ देत. ऐकू देत की.

परीक्षेच्या दिवशी झगे घातलेले प्राध्यापक ओळीने आत आले. उमेदवाराच्या दोन बाजूंना दोन सोबती उभे राहण्याची रीत आहे. माझ्या एका बाजूला लायब्ररीच्या वर्गातली म्हातारी मैत्रीण होती, दुसऱ्या बाजूला माझी मुलगी, आता अठरा वर्षांची. श्रोत्यांत तिसऱ्या रांगेत मंडळाची माणसं होती, रेशमी साड्या, कुडते. मधोमध वहिनी. त्यांनी मला दोन्ही अंगठे वर करून दाखवले.

पहिले चार जण हस्तलिखितांवर बोलले. पाचवी परीक्षक दुसऱ्या विद्यापीठातली बाई होती, कोरड्या आवाजाची. तिने माझा जुना लेखच वर धरला. "पाच वर्षांपूर्वी तुम्ही ही ओळ खोडलीत. आता परत आणलीत. हस्तलिखितं तेव्हाही हीच होती. मधल्या काळात काय बदललं?"

हाच तो प्रश्न होता. माझी चार वाक्यं तयार होती. आणि मी तोंड उघडलं तर बाहेर काय आलं? हस्तलिखितं. वृत्त. पुनरुक्तीचे इतर दाखले. माझा आवाज इतका शांत, इतका मृदू होता की मार्गदर्शक मान डोलवत होते. मी बोलतच राहिले. मुखवटा कशाला म्हणतात ते मला तिथे उभं राहून, अगदी तोंडावर, कळलं. राग मुखवटा नव्हता. हा शांतपणा मुखवटा होता, आणि तो काढायची कडी मला सापडत नव्हती.

"हे सगळं पानांत आहे," ती बाई म्हणाली. "सोबत्यांनी कृपया सहावं विधान वाचावं."

मुलीने कागद उचलला आणि वाचलं. तिचा आवाज थरथरत होता, भीतीने नव्हे. वाचून झाल्यावर तिने माझ्याकडे बघितलं. तीन वर्षांपूर्वी सिग्नलला विचारलेला प्रश्न तिच्या चेहऱ्यावर तसाच होता. मी श्वास घेतला आणि म्हणाले, "आइंडहोवनमधल्या एका घरात, दिवाळीच्या जेवणाला, मी माझा डबा—"

दार उघडलं. झगा घातलेला विद्यापीठाचा चोपदार आत आला, घुंगरं लावलेला दंड त्याने जमिनीवर आपटला आणि लॅटिनमध्ये दोन शब्द म्हणाला: वेळ झाली. तो असं म्हणाला की उमेदवाराने वाक्याच्या मधेच थांबायचं, ही रीत आहे. पुढे बोललं तर ऐकत नाहीत. मी थांबले. पाऊण तासातली चाळीस मिनिटं मी स्वतःच हस्तलिखितांना देऊन बसले होते, चोपदाराला काय बोल लावायचा!

पदवी मिळाली. टाळ्या झाल्या. खाली दालनात सगळे पेले घेऊन उभे होते तेव्हा वहिनींनी मला कडकडून मिठी मारली. त्यांचे डोळे खरंच भरले होते. "काय बोललीस गं! आम्हाला ओ की ठो कळलं नाही, पण अभिमान वाटला. आपली मराठी मुलगी!" आणि पिशवीतून डबा काढून माझ्या हातात दिला. "बुंदीचे लाडू केलेत. घरी जाऊन खा. आणि डबा सावकाश दे, काही घाई नाही."

लाडू उत्तम होते. आम्ही तिघांनी दोन दिवसांत संपवले. आम्हाला कुणाच्या हातचं खाल्लं म्हणून काही होत नाही.

मग डबा घासून ओट्यावर पडून राहिला, चार दिवस. नवरा येता-जाता बघायचा. "काहीतरी घालून देऊन टाक," म्हणाला. "करंज्या कर. नाहीतर दुकानातले वेफर्स घाल. रिकामा नको." मी डबा पुसून पुन्हा तिथेच ठेवला. तो म्हणाला, "मी देऊ का बसमध्ये, त्यांच्या यजमानांकडे?" मी म्हणाले, नको.

शनिवारी दुपारी मी सायकल काढली. मुलगी म्हणाली, मीही येते. मी तिला कारण विचारलं नाही. दहा मिनिटांचा रस्ता, समोरून वारा, डबा कॅरिअरवर खडखडत होता. मी बेल वाजवली. वहिनींनी दार उघडलं, हाताला पीठ होतं. "अगं, ये ना आत! आणि तूपण आलीस का गं!"

मी उंबऱ्याबाहेरच उभी राहिले आणि डबा पुढे केला. त्यांनी तो घेतला आणि तो हातातच किंचित वर गेला, हलका लागल्यामुळे जातो तसा. त्यांनी डब्याकडे बघितलं.

"रिकामा आहे," मी म्हणाले.

"अगं, असू दे गं," वहिनी हसल्या. "एवढं काय त्यात! चहा टाकते, ये."

माझी मुलगी माझ्या शेजारी उभी होती. आत जेवणाचं मोठं टेबल दिसत होतं, आणि खिडकीपाशी ते छोटं. माझा आवाज मृदू नव्हता आणि मला मधेच थांबवणारं तिथे कुणी नव्हतं.

"वहिनी," मी म्हणाले, "रिकामा आहे."

आणि त्यांचं हसू थांबेपर्यंत मी दारातून हलले नाही.